उतावळा खवला

या, सरकून बसा. जावई पारखायची एक तऱ्हा सांगतो, असली तुम्ही कुठे ऐकली नसेल.

लिफ्टवाला मुलगी मागायला गेला तेव्हा कुलूपवाल्याने त्याला पगार विचारला नाही, घरदार विचारलं नाही. टेबलावरच्या किल्ल्या हाताने बाजूला सारल्या आणि म्हणाला, "खवले खेळता येतात का?"

हा खेळ पत्त्यांचाच, पण राजा-राणीचा नाही, आणि आपला गठ्ठा ज्याने त्याने स्वतः जमवायचा. प्रत्येक पानावर एक प्राणी, स्वप्नातही दिसणार नाही असा, आणि खाली त्याचा गुण लिहिलेला. त्यांच्या जाती असतात. दलदले, पंखाळे, खवले. त्यात खवले सगळ्यात डांबरट. एका खवल्याला जे येतं ते सगळ्या खवल्यांना येतं. एकाला पंख असले की सगळे उडणार. एकाला काटे असले की सगळे टोचणार. एकटा खवला पाहिलात तर कीव येईल, पण गोतावळा जमला की आवरत नाही.

म्हातारा जन्मभर खवलेच खेळत आलेला. घरात बाप आणि लेक दोघंच, आणि बापाचा नियम सरळ. मला हरवेल त्याला मुलगी. गल्लीतले नावं ठेवायचे, मुलगी म्हणजे काय बक्षीस आहे का म्हणून. म्हातारा म्हणायचा, डावाला बसला की माणूस कळतो, बाकी सगळं पाठ करून आलेलं असतं. आधी तीन स्थळं आली होती, तिन्ही हात हलवत परत गेली. त्यातला एक तर शिकलेला, दाराशी स्वतःची गाडी उभी. बिचाऱ्याच्या हाती शेवटपर्यंत एक धड पान लागलं नाही.

मुलगी छापखान्यात बायंडिंगला होती. लिफ्टवाला तिथली सामानाची लिफ्ट दुरुस्त करायला जायचा आणि तिथेच त्याची विकेट पडली. एकदा धीर करून त्याने विचारलं. ती कागद जुळवत होती. मान वर न करता म्हणाली, "बाबांना विचार." हो नाही की नको नाही.

म्हाताऱ्याने त्याला महिन्याची मुदत दिली. पठ्ठ्या दिवसभर लिफ्टच्या खड्ड्यात आणि जेवणाच्या सुट्टीत पानं वाचत बसलेला. वाचता वाचता त्याला एक गोष्ट सापडली. पानावर 'तुमचे खवले' असं कुठे लिहिलेलंच नव्हतं. 'सगळे खवले' असं होतं. म्हणजे टेबलाच्या दोन्ही बाजूंचे. आपणही खवलेच घेऊन बसलो, तर म्हाताऱ्याचे पंख ते आपलेही पंख.

मग त्याने साधे, अंगात काही गुण नसलेले, कुणी फुकट देईल असले खवले गोळा केले. आणि एकच पान कोरं करकरीत विकत घेतलं, उतावळा खवला. एरवी कुठलाही प्राणी टेबलावर आला की एक फेरी थांबतो, मग लढतो. हा थांबत नाही. आणि हा आला की दुसरा एकही खवला थांबत नाही.

रविवारी दुपारी डाव बसला. आपली पानं आपण पिसायची नाहीत, असा त्या घरचा शिरस्ता. मुलीने दोघांचे गठ्ठे पिसून दिले आणि खिडकीशी उसवलेली उशी शिवत बसली, जणू शेजारच्या घरातलं काही चाललंय.

लिफ्टवाल्याने पहिला खवला टाकला, एक फेरी थांबला आणि उडवला. म्हातारा चमकला. "हा कसा उडाला?"

"तुमच्याच पंखांनी."

म्हाताऱ्याने चष्मा लावला. पान वाचलं, पुन्हा वाचलं, खिडकीपाशी नेऊन वाचलं. माणूस सचोटीचा. लिहिलंय खरं, म्हणाला, आणि परत येऊन बसला.

पण तो काय कच्चा खेळाडू होता? पोराचा खवला टेबलावर आला की तो लगेच टिपायचा. शेवटी सगळी फौज घेऊन तुटून पडला. लिफ्टवाला कसाबसा वाचला, आणखी एक टोला बसला असता तर संपलाच होता. एवढंच की लढून आलेले प्राणी थकतात, पुढच्या फेरीला आडवे पडून असतात. म्हाताऱ्याचे सगळे आडवे होते, पण आडव्या खवल्याचेही पंख आणि काटे बाकीच्यांना लागू राहतातच. लिफ्टवाल्याच्या हातात चार खवले होते, पण टाकले तर एक फेरी थांबणार, आणि तेवढ्यात म्हातारा उठणार.

एकच पान हवं होतं. त्याने मुलीकडे पाहिलं. ती सुईत दोरा ओवत होती. त्याने हात पुसला आणि वरचं पान उचललं.

उतावळा.

पाची खवले एकदम उतरले, म्हाताऱ्याच्या पंखांनी उडाले आणि म्हाताऱ्याच्याच काट्यांनी म्हाताऱ्याला टोचले. डाव आटोपला.

म्हातारा आपली पानं गोळा करायला लागला. पोराला शंका आली की हा मुद्दाम हरला. त्याने दबकत तसं विचारलंही. म्हातारा तापला. उभ्या जन्मात कुणाला पान सोडलं नाही, तुला बरं सोडेन, म्हणाला. मग उठून त्याच्या पाठीत अशी थाप घातली की जावयाचं नाक टेबलाला लागलं. "घरच्यांना घेऊन ये."

लग्न झालं. नव्या घरात जावईबापू जो भेटेल त्याला तो डाव सांगायचे. डोकं लागतं, म्हणायचे, आणि थोडं नशीब. बायको ऐकून घ्यायची. एकदा तिने भांडी विसळून हात कोरडे केले, त्याचा गठ्ठा घेतला आणि भराभरा पिसला. डोळे पानांवर नव्हते, त्याच्यावर होते.

"काढ वरचं."

उतावळा. तिने पुन्हा पिसला. पुन्हा उतावळा. तिसऱ्यांदा त्याने हातच पुढे केला नाही.

"आणि तो गाडीवाला?" त्याने हळूच विचारलं.

"त्याची चांगली पानं तळाशी घातली," ती म्हणाली. "मला नको होता तो."

म्हातारा अजून गिऱ्हाइकांना छाती काढून सांगतो, जावई मी स्वतः पारखून घेतलाय. तुमचं कुलूप बिघडलं तर खुशाल जा त्याच्याकडे, हात सोन्याचा आहे. माझ्यासाठी फक्त एवढं करा, यातलं एक अक्षर त्याच्यापुढे काढू नका.