मीनाच्या शेजारची जागा

दहावीच्या निरोप समारंभात पहिल्यांदाच साडी नेसून मी तुझ्या शेजारी फोटोला उभी राहीन, असे वचन मीनाने भगीरथला दिले होते. परंतु दिवाळीच्या सुट्टीत भगीरथ नदीच्या डोहात बुडून मरण पावला. समारंभाच्या दिवशी मी छायाचित्रे काढण्यासाठी टोकावड्याहून त्यांच्या शाळेत गेलो, तेव्हा रांगेच्या मधोमध मीना आपल्या शेजारी एका माणसाची जागा सोडून उभी होती.

“मुलींनो, कृपया जवळ सरका,” मी विनंती केली. सगळ्या सरकल्या, मीना मात्र जागची हलली नाही.

तिची मैत्रीण समीक्षा दबक्या आवाजात तिच्यावर रागावली, “अगो, सरक ना! तो नाय येणार आता. तेचा जीव मागं अडकू नये म्हणून जाळायच्या आधी मसणवट्यातल्या रुईशी लगीन लावलंय तेचं. तुज्या बापानंच अक्षता टाकल्या ना? रुईचा नवरा हाय तो, तुजा कोण?”

मीनाने पदर सावरला. तिच्या मेंदी रंगलेल्या बोटांना ओली माती लागलेली मला कॅमेऱ्यातून स्पष्ट दिसली.



“ती रुई सकाळीच मुळासकट उपटून आले मी,” मीना शांतपणे म्हणाली. “दादा, वाईच थांबा. मोकळा झालाय तो, येलच आता.”