अंगभर तांबडं

वल्लरीनं चित्रावरची चादर दूर केली आणि हॉलमधलं बोलणं थांबलं.

कोजो दाराशी उभा होता. बूट बाहेर काढायला लावले होते, त्यामुळे आधीच त्याला अर्धवट कपड्यांत आल्यासारखं वाटत होतं. त्यानं सगळ्यांचे चेहरे पाहिले, मग आपलं चित्र पाहिलं. खुर्चीत विष्णुपंत, शेजारी सुमित्राआजी. आजींची साडी पांढरी, सोनेरी काठाची. तो पांढरा जमेपर्यंत कोजोनं चित्रं काढायच्या आपल्या गॅरेजमधून हलायचं नाव घेतलं नव्हतं.

"पांढरी का?" आजींच्या सुनेनं, वल्लरीनं, त्याला इंग्रजीत विचारलं. "मी दिलेल्या फोटोत तर निळी होती."

"तुम्ही म्हणालात, मोठा दिवस आहे. आमच्या घानात मोठ्या दिवशी पांढरं घालतात. मूल झालं, कोर्टात जिंकलं, माणूस म्हातारपणापर्यंत सुखरूप पोचला, की पांढरं."

विष्णुपंत व्हीलचेअरमध्ये पुढे वाकले. आज त्यांचं सहस्रचंद्रदर्शन. सकाळीच पूजा झाली होती, कपाळावरचं गंध अजून ओलसर होतं.

"हजार चंद्र बघितले म्हणून सोहळा मांडलात," ते मराठीत म्हणाले, "आणि ह्यानं मला पोचवूनसुद्धा टाकलं. सुमित्रा, बरी दिसशील हं मागे."

"शुभ बोला काहीतरी," आजी म्हणाल्या.

हसलं कुणीच नाही. वल्लरी कोजोला बाजूला घेऊन गेली. "आमच्यात नवरा गेला की बाई पांढरं नेसायची. म्हणजे, पूर्वी. पण लोकांच्या डोळ्यांत ते राहिलंय ना. चारला सगळे पाहुणे येतील. लाल करशील? आईंनी आज नेसलाय ना शालू, अगदी तस्साच."

कोजोनं आजींकडे पाहिलं. खांद्यापासून पावलांपर्यंत लाल. त्याच्या गावी, कुमासीत, बायका अशा अंगभर तांबडं नेसून बाहेर पडल्या, की रस्त्यातली माणसं थांबून विचारतात, कोण गेलं?

"हिरवी चालेल?" त्यानं विचारलं.

"अरे, शेजारी उभं करून फोटो काढणार सगळे. मॅच नको व्हायला? आणि ती ह्यूस्टनच्या गॅलरीवाली पण येतेय. तुझ्यासाठीच बोलावलंय मी तिला."

त्या बाईनं मागे त्याच्या चित्रांचे फोटो पाहिलेसुद्धा नव्हते. कुठल्या कॉलेजात शिकलास, एवढंच विचारलं होतं. तो कुठल्याच कॉलेजात शिकला नव्हता. न्हाव्यांच्या दुकानांच्या पाट्या रंगवत त्याचा हात बसला होता, आणि त्या धंद्यात वाद नसतो. न्हावी म्हणाला पाटीवरच्या डोक्याचे केस आणखी उंच, की आणखी उंच करायचे.

तो गाडीतून रंगांची पेटी घेऊन आला.

मागच्या अंगणात, टेक्सासातल्या शुगर लँडच्या त्या घामट उन्हात, त्यानं निऱ्यांपासून सुरुवात केली. छातीपाशी, जीवापाशी, लवकर जायला नको म्हणून. ब्रश धुतला, पुन्हा धुतला. उभा राहिला, बसला, सावलीत जाऊन आला. आत आजी खोकल्या, तसा हात जागीच थांबला. मग त्या कुणाला तरी जिलबी वाढायला सांगताना ऐकू आल्या, आणि हात पुन्हा चालू लागला. पदर रंगवताना त्यानं श्वास रोखून धरला होता. शेवटचा पांढरा ठिपका खांद्यावर उरला होता. तो झाकताना त्यानं दुसरीकडे पाहिलं.

"ऑसम," वल्लरी म्हणाली. "आई, बघा, आता कशा तुम्हीच दिसताय."

चारला पाहुणे आले तोवर चित्र हॉलच्या भिंतीवर लागलं होतं. गॅलरीवाली बाई हातातली ताटली विसरून चित्रासमोर उभी राहिली. ह्या लालवरून नजर हटत नाही, म्हणाली. तुझ्याकडे असं आणखी आहे का?

"करेन," कोजो म्हणाला. बाईनं आपलं कार्ड दिलं. ते खिशात गेलं आणि त्याला तिथे उभं राहवेना. टेबलावरची पाण्याची बाटली उचलून तो मागच्या दारानं बाहेर आला.

कुंपणापाशी वाकून त्यानं गवतावर थोडं पाणी ओतलं. पुटपुटला. पुन्हा थोडं ओतलं.

"काय करतोस?"

आजी मागे उभ्या होत्या. जन्मभर शाळेत इंग्रजी शिकवलेल्या बाईचं ते सावकाश, स्वच्छ इंग्रजी होतं.

"आमच्या पूर्वजांना पाणी देतोय."

"आज त्यांच्याकडे काय काम काढलंस?"

तो बाटलीच्या झाकणाशी चाळा करत राहिला. "आमच्याकडे अंगभर तांबडं मयताला नेसतात. मी तुम्हाला ते नेसवलं. त्यांना सांगतोय, हे बोलावणं समजू नका."

आजींनी पदराकडे पाहिलं. "मग आधी का नाही बोललास?"

कोजोनं काचेतून आत पाहिलं. ती बाई आता आणखी दोघांना चित्र दाखवत होती. आजींनीही तिकडे पाहिलं. मग त्या घरात गेल्या.

आता वल्लरी येईल. चित्र भिंतीवरून उतरेल, बाई विचारेल, का? कुणीतरी तिला सांगेल. कोजो खिशातल्या कार्डाची कड नखानं दाबत राहिला.

दार सरकलं. आजी एकट्याच होत्या, हातात भरलेला तांब्या.

"ते दुकानातलं पाणी राहू दे," त्या म्हणाल्या. "माझ्याबद्दल सांगायचं, तर माझ्या घरचं घे."

त्यानं बाटली खाली ठेवली आणि दोन्ही हातांनी तांब्या घेतला. आजी शेजारी येऊन उभ्या राहिल्या. पूजेत पाणी सोडताना घरच्यांनी लावायचा असतो, तसा त्यांनी त्याच्या कोपराला हात लावला.

"हं," त्या म्हणाल्या. "सोड."