वीणाबाईंचा ‘ण’

तुळिंजच्या मिठागरावरची सोनू बोलपटात गेली आणि तिची वीणाबाई झाली. ‘पानी’चं ‘पाणी’ करताना जीभ सोलून निघाली होती तिची. स्टुडिओतले लोक त्या एका अक्षरावरून पोट धरून हसत. पुढे ते इतकं साफ झालं की तिनं सांगूनच टाकलं, मी पुण्याची, आईवडील लहानपणीच वारले.

बावन्न साली तिला मिठागरात राबणाऱ्या बाईचं काम मिळालं आणि शूटिंग नेमकं तुळिंजच्याच खाडीवर निघालं. लुगडं बरोबर बसलं, डोक्यावरची पाटीही बसली, पण ‘पानी दे’ म्हणायला गेली की तोंडातून ‘पाणी’च निघे. शेवटी दिग्दर्शक वैतागले.

“वीणाबाई, तुमचं पुणं जरा बाजूला ठेवा.”

मिठाच्या पाट्या वाहणाऱ्या बायकांतल्या एका म्हातारीला त्यांनी हाक मारली. “आजी, या आमच्या बाई पुण्याच्या. यांच्या घरात असं कुणी बोललंच नाही कधी. जरा शिकवा यांना.”

म्हातारी जवळ आली, तशी सोनूनं तिला ओळखलं. तिची आई होती ती, भागूबाई. आता ही ‘सोनू’ म्हणून गळ्यात पडणार, म्हणून तिनं मान खाली घातली.

भागूबाईनं तिच्याकडे नीट पाहून घेतलं, मिठाचे हात पदराला पुसले आणि जरा लांबच उभी राहून म्हणाली,



“म्हना बाईसाब, पानी.”