सातव्या खंडाची पाठ

“मावशी, समन्स आलंच नाही एवढंच म्हण,” वकील भाचा तिसऱ्यांदा कुजबुजला. “बेलिफाच्या अहवालावर सही म्हणून नुसता फराटा आहे. तो कोणाचाही म्हणता येईल.”

“तो माझ्या जावेचा आहे,” आक्का म्हणाल्या. “चाळीस वर्षं बघतेय मी तो फराटा. आता गप्प बस, आणि पुकारा झाला की उभा राहा.”

मागच्या बाकावर जाऊ मान खाली घालून बसली होती.

आक्कांचा पुस्तकबांधणीचा कारखाना होता; जाऊही तिथेच बांधणीला बसायची. पुठ्ठ्यांचे पैसे थकवले म्हणून व्यापाऱ्याने त्यांच्यावर संक्षिप्त दावा लावला होता. अशा दाव्यात समन्स मिळाल्यापासून दहा दिवसांत प्रतिवादी हजर झाला नाही, तर दावेकऱ्याचेच म्हणणे खरे धरले जाते. तसेच झाले होते. एकतर्फी हुकूमनामा निघाला होता आणि सोमवारी बेलिफ कारखान्यातले कागद कापण्याचे यंत्र उचलून नेणार होता. त्या यंत्रावाचून कारखान्याला कुलूप लागणार, हे सगळ्यांनाच ठाऊक होते. हुकूमनामा रद्द व्हावा, म्हणून आजचा अर्ज होता.

पुकारा झाला. न्यायाधीशांनी विचारले, “मुदतीत हजर का झाला नाहीत?”

भाच्याने तोंड उघडले, तोवर आक्का पुढे झाल्या होत्या.

“साहेब, समन्स आलं होतं. कोणी वाचलं नाही.”

व्यापाऱ्याचा वकील खुर्चीतून उसळला. “कबूल केलं! आता उरलं काय?”

“उरलंय. बसा,” आक्का म्हणाल्या. तो बसला. आपण का बसलो हे लक्षात येताच पुन्हा उठला.

“मग ते समन्स आहे कुठे?” न्यायाधीशांनी विचारले.

“तुमच्या पाठीमागच्या कपाटात. जुन्या निकालांचे बारा खंड आमच्याकडून बांधून आलेत. बेलिफाने तारीख लिहिली आहे त्या दुपारी आमच्या टेबलावर सातवा खंड होता. पाठ पातळ पडली, म्हणून आतून एक जादा कागद अस्तराला लावला. चांगला जाड, नवा कागद. असा कागद आम्ही त्या आठवड्यात विकत आणलेला नव्हता.”

“आणि तो समन्सचा नसला तर?” वकिलाने विचारले.

“तर सोमवारी यायची तसदी नको. आजच चला, कारखान्याची किल्ली कमरेला आहे.”

भाच्याने डोळे मिटून घेतले.

शिपायाने सातवा खंड काढून आणला. आक्कांनी न्यायाधीशांच्या टेबलावरची पाकिटे फोडायची सुरी मागितली आणि एका हाताने पुस्तक छातीशी धरून पाठीचे कापड वरपासून खालपर्यंत सरळ चिरले. मग रुमाल पाण्याच्या पेल्यात बुडवून पिळला आणि उघड्या अस्तरावर दाबून धरला.

“गव्हाची खळ आहे. पाण्याला ऐकते,” त्या म्हणाल्या. “पाच मिनिटं लागतील.”

न्यायालय पाच मिनिटे थांबले. तेवढ्यात भाच्याला दोनदा खोकला आला.

रुमाल उचलून त्यांनी नखाने एक कोपरा सोडवला. तीन घड्यांचा कागद सावकाश, न फाटता सुटत आला. खळीने पिवळ्या पडलेल्या त्या कागदावर आधी न्यायालयाची मोहोर दिसली, मग दाव्याचा क्रमांक, मग खुद्द आक्कांचे नाव. न्यायाधीशांनी तो ओला कागद बोटांच्या टोकांनी उचलून धरला.

“एवढी ठसठशीत मोहोर, आणि दिसली नाही?”

जाऊ धडपडत उठली. “साहेब, हातून माझ्याच…”

“तू बस,” आक्का म्हणाल्या. “साहेब, आमच्याकडे टेबलावर आलेला कागद वाचत नाहीत, बोटांत धरून त्याचा कस बघतात. जो तो वाचत बसला तर दिवसाकाठी दोन पुस्तकं व्हायची नाहीत. हा नियम मी घातला. तिने तो पाळला. चूक लिहायचीच असेल तर माझ्या नावावर लिहा.”

“गैरहजेरीचं कारण समजलं. दाव्याला तुमचं उत्तर काय?”

“पुठ्ठे ओले निघाले. त्याच आठवड्यात परत पाठवले. परतीच्या पावतीवर ह्यांच्याच गोदामवाल्याची सही आहे.” त्यांनी पावती पुढे केली. “आणि ती फराटा नाही.”

व्यापाऱ्याच्या वकिलाने पावती वाचली, उलटून पाहिली आणि अशिलाकडे बघितले. अशील छताकडे बघत होता.

न्यायाधीशांनी लिहायला घेतले. “असा हुकूमनामा फिरवायला कायदा विशेष कारण मागतो,” ते लिहिता लिहिता म्हणाले. “एकोणीस वर्षांत याहून विशेष माझ्यापुढे आलेलं नाही. हुकूमनामा रद्द. यंत्र जागचं हलणार नाही. समन्स आत्ता इथेच बजावलं जाईल. आजपासून दहा दिवसांत हजेरी नोंदवा, मग बचावाची परवानगी मागा.”

भाच्याने पटकन फाईल मिटली. कारकुनाने नवे समन्स पुढे सरकवले आणि बोट ठेवले. “इथे सही.”

आक्कांनी पेन घेतले नाही. चष्मा लावून त्या पहिल्या ओळीपासून वाचू लागल्या. पुढच्या दाव्याचा पुकारा झाला, माणसे उठून पुढे आली.

“मावशी, बाहेर जाऊन वाच ना!”

“सही इथे हवी आहे ना? मग वाचायचंही इथेच.”

शेवटच्या ओळीपर्यंत पोहोचून त्यांनी सही केली. मग चष्मा उतरवला, बाकापर्यंत चालत गेल्या आणि कागद जावेच्या हातात दिला.

“आता तू वाच. मोठ्याने.”

जावेने न्यायाधीशांकडे पाहिले. त्यांनी पेन खाली ठेवले होते.