ओला चमचा

"लोणच्यात ओला चमचा आईंनीच घातला, आणि तुम्ही गप्प!" बुरशी धरलेली बरणी बायकोने ओट्यावर आपटली.

"ओला चमचा हिनेच घातला, आणि तू गप्प!" आईही फणकारली.

गणिताच्या बिडकर सरांना दोन समीकरणं एकाखाली एक दिसली की राहवत नसे. त्यांनी खडूने ओट्यावरच मांडलं. "हिचा आरोप तुझ्यावर, तुझा हिच्यावर. एक अधिक, एक उणे. बेरीज केली की दोन्ही कटले! लोप झाला, भांडण मिटलं."

सासूसुनेने वाकून पाहिलं. "आणि खाली काय उरलं?"

सरांनी उत्तर वाचलं. दोन गुणिले गप्प.

"तेच विचारतोय आम्ही," दोघी एका सुरात म्हणाल्या. "गप्प का?"

सरांना गेल्या आठवड्यात चोरून चापलेला दहीभात आठवला. आणि धुऊन लगेच बरणीत बुडवलेला चमचा.