कोरी जागा
जोडीदार दुसऱ्या देशाकडून खेळायला गेला, त्याला सात महिने झाले. अख्ख्या बेलारूसमध्ये यादविगाला दुसरा मुलगा मिळेना. बर्फावरचं जोडीनृत्य एकटीनं किती दिवस करायचं? ज्युनियर गटाचं वयही सरत चाललेलं. पोरीला आज नाद सोडायला सांगायचंच, असं ठरवून प्रशिक्षक रायसाबाई रिंकवर आल्या. बर्फ सपाट करणारं यंत्र दारातच उभं होतं, चालक त्सिमोख त्यावर बसून. “थांबलात का, त्सिमोख?” “रेघा पुसवत नाहीत, बाई. बघा आधी.” बाई वाकल्या. बर्फावर यादविगाच्या सकाळच्या सरावाच्या रेघा होत्या. एकटीला आखूड वळण चाललं असतं. तिनं प्रत्येक वळण दोघांचं घेतलं होतं, शेजारी माणसाएवढा बर्फ कोरा ठेवून. मागून यादविगा आली. “बाई, मला काढणार ना?” बाईंनी नाक शिंकरलं. “काढतेय कसली! ती कोरी जागा जरा रुंद ठेव. या वयात मुलगे भराभर वाढतात.”