हँडलचा वेग

धरणात बुडालेल्या गावांचा धडा पुस्तकांतून फाडण्याचा हुकूम आला, तेव्हा कादर तळेगावच्या शाळेत सिनेमाचा कॅमेरा घेऊन पोहोचला. तपासनीस साहेबांना वाटले, सरकारनेच धाडलाय. "चेहरा नीट येऊ दे रे!" "येईल की साहेब. पान जरा पुढे, उजेडात धरा." त्या पानावरच्या यादीत कादरचेही गाव होते. कॅमेऱ्याच्या हँडलचे सेकंदाला दोन फेरे, हा नियम. पण साहेबांनी हसत पान टरकावायला घेतले आणि संतापाने कादरचा हात दुप्पट वेगाने फिरू लागला. हँडल जलद फिरले की पडद्यावरचे चित्र संथ चालते, हे तो जाणून होता. त्याने हात आवरला नाही. पुढे टाकव्याच्या जत्रेत पडदा म्हणून बांधलेल्या पांढऱ्या चादरीवर साहेब सावकाश पान फाडू लागले. "फाड मेल्या, बगू किती फाडतोस!" बुडीत गावच्या मुक्ताबाई ओरडल्या. तोवर मुलांनी पडद्यावरच्या यादीतले शेवटचे गावही वाचून संपवले होते.